चाळीस गोगलगायींची साक्ष

सारजा घटेचा स्वभाव मुळातच संशयी. दूधवाल्याने माप ओतलं की ती बोट बुडवणार, थेंब नखावर धरून ओघळतो की टिकतो ते बघणार आणि मगच पातेलं आत नेणार. कंडक्टरने तिकीट दिलं की आधी तारीख वाचणार. कुणी फार गोड बोलायला लागलं की हिच्या कपाळाला आठी पडलीच म्हणून समजा. असल्या बाईला सरकारने नोकरी द्यायचीच तर पहाऱ्याची द्यावी, आणि तीच दिली. फरक एवढाच की नदीवर पहारा करायचा गोगलगायींनी, आणि गोगलगायींवर सारजाने.

कापरी नदीच्या काठाला, भोईवाडीच्या जरा खालच्या अंगाला ही चौकी होती. सरकारी कागदावर तिचं नाव भलतंच लांबलचक. लोक तिला गोगलचौकी म्हणायचे. तिथून पाव मैलावर बोरखडी शहराच्या नळयोजनेचे पंप. शहराच्या पोटात जाणारं पाणी आधी चौकीतल्या एका काचेच्या पाटातून वाहायचं, आणि त्या पाटात चाळीस खणांत चाळीस गोगलगायी बसलेल्या असायच्या. शेतातलं सोयाबीन फस्त करणारी ती शंखी गोगलगाय वेगळी हं. ही नदीतली, बोराएवढी, तपकिरी पट्ट्यांची. अंडी घालत नाही, थेट पिल्लं घालते. भोईवाडीतल्या जुन्या बायका ती शिजवून खायच्या, डोळ्यांना चांगली म्हणून.

आता यंत्रं एवढी आलीत, मग गोगलगायी कशाला? त्याचं असं आहे, की पाण्यात काय मिसळलंय हे यंत्राला विचारायचं तर आधी त्या वस्तूचं नाव सांगावं लागतं. शिसं आहे का? आहे किंवा नाही, एवढंच ते सांगणार. कारखान्यांतून तर दर वर्षी नवीनच काहीबाही निघतं, त्याला धड नावही पडलेलं नसतं. गोगलगाईला नावाशी काही देणंघेणं नाही. तिच्या पायाच्या टोकाला नखासारखं एक पातळ झाकण असतं. पाण्यात वंगाळ काही लागलं की ती अंग आत ओढते आणि झाकण लावून गप्प बसते. चौकीत तिच्या शंखाची पाठ एका काचेच्या खुंटीला चिकटवायची आणि झाकणावर खसखशीएवढं लोहचुंबक बसवायचं. झाकण मिटलं की खालच्या तारेला कळतं. चाळिसातल्या पंचवीस जणी मिटल्या आणि तीन मिनिटं मिटलेल्याच राहिल्या, की पंप आपोआप बंद. कुणाची सही नको, कुणाचा फोन नको.

ही युक्ती अशी काही लागू पडली की पाच-सहा वर्षांत राज्यभर एकशे बारा चौक्या उभ्या राहिल्या. कोर्टही गोगलगायींची नोंद पुरावा म्हणून घ्यायला लागलं. मिटल्या म्हणजे पाणी नासलेलं, उघड्या राहिल्या म्हणजे पाणी स्वच्छ. गोगलगाय लाच खात नाही असं एका मंत्र्याने भाषणात सांगितलं, तेव्हा टाळ्या वाजल्या होत्या. सारजाने तेवढ्या वाजवल्या नाहीत, कारण मंत्री फार गोड बोलत होता.

नऊ वर्षं तिने चौकी राखली. आणि त्या सोमवारी सकाळी साडेसातला फोन वाजला.

"सारजाताई, चौकीवर काय स्थिती आहे?" डॉक्टर शाहीन मुजावरांचा आवाज. या जिल्ह्याच्या पाणी-तपासनीस. जिल्ह्यातल्या सहा चौक्या त्यांच्याकडे होत्या.

"हिरवा दिवा हाय मॅडम. चाळीसच्या चाळीस उघड्या."

"काल दिवसभर?"

"काल बी उघड्याच. का?"

मॅडम म्हणाल्या, "बोरखडीत त्रेसष्ट माणसं दवाखान्यात आहेत. उलट्या, ओठ निळे पडलेत. पोळीभाजी केंद्रातल्या एक बाई पहाटे गेल्या. सगळी नळाच्या पाण्याची माणसं आहेत."

सारजा फोन कानाला धरून पाटापाशी गेली. चाळीस गोगलगायी आपापल्या खुंटीवर पाय पसरून काचेवरचं शेवाळ चाटत होत्या. घाटापलीकडच्या वळणावर मात्र मासे पोट वर करून तरंगत होते, ते तिला खिडकीतून दिसले.

दुपारपर्यंत मॅडम जीप घेऊन आल्या. वय पस्तिशीच्या आत, बोलणं तुटक, पण बाई कामाची. त्यांनी दोन वाडगे मागवले. एकात चौकीतल्या पाच गोगलगायी घातल्या. दुसऱ्यात वरच्या धरणाजवळून, स्वच्छ पाण्यातून येताना आणलेल्या पाच. दोन्हींत मोरचुदाच्या पाण्याचे तीन-तीन थेंब सोडले. मोरचूद म्हणजे तांब्याचं मीठ, गोगलगाईला त्याहून वाईट काही नाही.

धरणाजवळच्या पाचही जणी बघता बघता मिटल्या. चौकीतल्या पाच जणींनी जरा अंग चोरल्यासारखं केलं आणि पुन्हा चालायला लागल्या.

"ताई, या तुमच्या गोगलगायी नाहीत," मॅडम म्हणाल्या. "कुणीतरी बदलल्या. विष पचवणारी जात आणून ठेवलीय इथे."

बदलायच्या तर चौकीत शिरायला हवं, आणि दाराला किल्ल्या दोनच होत्या. एक तिच्या कमरेला. दुसरी, नियमाप्रमाणे अडीअडचणीला जवळच्या माणसाकडे द्यायची म्हणून, भावाकडे.

हणमंत तिचा धाकटा भाऊ. आई गेली तेव्हा तो सात वर्षांचा होता आणि ती पंधराची. तिने त्याला न्हाऊमाखू घातलं, शाळेत घातलं, लग्न करून दिलं. नवरा वारल्यावर तिला जवळचं म्हणावं असं तेवढं एकच माणूस उरलं. जगात ती ज्याच्यावर संशय घेत नसे असाही तो एकच. आणि हा हणमंत कामाला होता वरच्या अंगाच्या रंगाच्या कारखान्यात, सांडपाण्याच्या पंपावर.

दाराच्या कुलपात वेळ नोंदली जायची. मॅडमनी ती काढली. शनिवार, अकरा वाजून चाळीस मिनिटं, दुसरी किल्ली. वीस मिनिटं दार उघडं होतं. शनिवारी त्या वेळी सारजा बोरखडीच्या बाजारात होती.

"भावाला विचारा," मॅडम म्हणाल्या. "मी विचारण्याआधी तुम्ही विचारा."

तिने विचारलं. तो अंगणात मोटरसायकल पुसत होता.

"हणमा, शनवारी चौकीत आलतास?"

"न्हाई."

हात थांबला नाही, मान वर झाली नाही. न्हाई म्हणताना त्याने बहिणीकडे बघितलं नाही, तिथेच तिला कळायचं ते कळलं. गेल्या महिन्यात तो सारखा विचारत होता, आक्का, तुझ्या गोगलगायी कशाकशाला मिटतात, आक्का, रंगाचं पाणी त्यांना कळतं का. तेव्हा तिला कौतुक वाटलं होतं. आता एकेक प्रश्न उलटा फिरून तिच्या अंगावर यायला लागला. शनिवारी बाजारातून येताना तिने त्याला रस्त्यात बघितलं होतं, पायजमा गुडघ्यापर्यंत ओला आणि हातात झाकणाची बादली. मासं बघाय गेलतो, म्हणाला होता. बादलीत मासा नव्हता.

"खरं सांग. अजून माझ्या हातात हाय."

"एकदा सांगितलं न्हवं, न्हाई म्हणून."

ती घरी आली आणि चुलीपाशी बसली. भावाला लपवावं तर त्रेसष्ट माणसं दवाखान्यात होती. पोळीभाजी केंद्रातल्या बाईला ती ओळखत होती. बाजाराच्या दिवशी तिच्याकडे चहा घ्यायची. संध्याकाळी तिने मॅडमना फोन केला आणि भावाचं नाव सांगितलं. सांगताना आवाज कापला नाही, याचंच तिला नंतर नवल वाटलं आणि रागही आला.

मंगळवारी पोलिसांनी हणमंताला उचललं. सरकारी जलचौकीत ढवळाढवळ, जामीन नाही. कारखान्याच्या मॅनेजरने पेपरात सांगून टाकलं की या माणसाने जे काही केलं ते स्वतःच्या मनाने केलं, कारखान्याचं पाणी स्वच्छच आहे, शंका असेल तर गोगलगायींची नोंद बघा, एकही मिटलेली नाही. म्हणजे बघा, गोगलगायी खोट्या असतील तर दोष हणमंताचा, आणि खऱ्या असतील तर दोष कुणाचाच नाही. भावजयीने सारजाला दारातूनच परत पाठवलं. "तुम्ही आईच्या जागी हुता त्यांच्या," एवढंच म्हणाली आणि आत गेली.

तीन दिवस सारजा संशयाचं दळण दळत होती. कारखान्याने भावाला धाक घातला असेल का? की मॅडमच यात आहेत? मागल्या वर्षी कारखान्याच्या पाहुण्यांबरोबर त्या नाश्त्याला बसल्या होत्या, हे तिने डोळ्यांनी बघितलं होतं. पंपावरचा माणूस, दूधवाला, चौकीचं छप्पर दुरुस्त करून गेलेला सुतार, सगळे तिने एकेक करून पारखले. स्वतःला तेवढं पारखलं नाही. माणसाला ते सुचतच नाही.

शुक्रवारी मॅडम पुन्हा आल्या, या वेळी एकट्याच, जीप स्वतः चालवत. पाटापाशी स्टूल ओढून बसल्या.

"ताई, प्रयोगशाळेतून तपास आलाय. या गोगलगायींच्या जनुकांचा. नऊ वर्षांपूर्वी चौकी सुरू झाली, तेव्हाच्या पहिल्या चाळिसांचे नमुने आमच्याकडे जपून ठेवलेत. ते जुळवले."

"मग?"

"या त्यांच्याच लेकी, नाती, पणत्या आहेत. बाहेरची एकही नाही. कुणीही काहीही बदललेलं नाही."

सारजाला आधी ते कळलंच नाही. मग कळलं आणि तिने भिंतीला हात टेकला.

"आन् मिटत का न्हाईत मग?"

"तेच विचारायला आले. तीन महिन्यांनी नवीन चाळीस बसवायच्या असतात. तुम्ही टाकीतून कशा निवडता? मला करून दाखवा. रोज करता तशाच, माझ्याकडे बघू नका."

मागच्या खोलीत सिमेंटची टाकी होती. दर वेळी नदीच्या वरच्या अंगाहून गोगलगायी आणायच्या असं ठरलं होतं, पण पहिल्या चाळिसांनंतर त्या पुरेशा मिळेनात. मग टाकीतच पैदास करायला परवानगी मिळाली. पाटावरून उतरलेल्या चाळीस जणी टाकीत जायच्या, तिथे पिल्लं घालायच्या, आणि पुढच्या चाळीस त्या पिल्लांतून निघायच्या.

सारजाने परातीत पाणी घेतलं आणि टाकीतल्या शंभर-सव्वाशे गोगलगायी ओंजळीने त्यात सोडल्या. हाताळल्यावर सगळ्या मिटल्या. मग एकेकीवर नखाने टिचकी मारून ती पान लावायला बसली. चुना, कात, सुपारी. पान लावून होईतो ज्या बाहेर येऊन चालायला लागल्या त्या तिने उचलून सुपात ठेवल्या. ज्या अजून मिटून बसल्या होत्या त्या पदरात घेतल्या, घाटाची पायरी उतरली आणि नदीत सोडून आली.

"त्या का सोडल्या?" मॅडमनी विचारलं.

"रुसक्या हैत त्या. आजारी. आईनं शिकवलंय. पान लावून होस्तोवर भाईर आली तर ती चांगली, तीच खायची. न्हाई आली तर पोटाला बाधती, म्हणून गंगेला परत द्यायची. आमच्या वाडीत समद्या बाया असंच निवडत आल्यात. आन् पाटावर तरी रोगट कशी बसवायची?"

मॅडम नुसत्या सुपाकडे बघत राहिल्या.

"आणखी एक हाय," सारजा म्हणाली, कारण आता तिला स्वतःलाच काहीतरी टोचायला लागलं होतं. "पहिल्या दोन वर्सांत लई मिटायच्या ह्या. वरल्या अंगाला कुणी म्हस धुतली तरी मिटायच्या. पंप बंद पडायचा आन् शहरातनं शिव्या यायच्या मला, तुझ्या गोगलगायींना काय धाड भरली म्हणून. मग मी जरा जास्तच बघून निवडाय लागले. धीट धीट तेवढ्या."

"ताई, शेतकरी बियाणं कसं ठेवतो?"

"भरलेली कणसं बाजूला काढतो."

"आणि पुढच्या वर्षी?"

सारजाचा चेहरा हळूहळू उतरत गेला.

मॅडमनी तरी सांगितलं, कारण सांगणं भाग होतं. मिटण्याची घाई ही प्रत्येक गोगलगाईत उपजत कमी-जास्त असते. ती आईकडून पिल्लात उतरते. पिल्लू सात-आठ महिन्यांत वयात येतं, म्हणजे नऊ वर्षांत डझनभर पिढ्या. प्रत्येक पिढीतून भित्र्या काढून टाकायच्या आणि धीट तेवढ्या पैदाशीला ठेवायच्या. कुठलाही कारखाना, कुठलाही शास्त्रज्ञ याहून चांगली न मिटणारी जात तयार करू शकला नसता. भित्री होती म्हणूनच तर ती पहाऱ्याला बसवली होती.

"म्हंजे ती बाई माझ्यामुळं गेली," सारजा म्हणाली.

"पाणी कारखान्याने सोडलं."

"आन् हणमा?"

मॅडमनी मांडीवरची बॅग जवळ ओढली. "हा अहवाल अजून मी वर पाठवलेला नाही. तुम्हाला स्पष्टच सांगते. गोगलगायी बदलल्या, ही गोष्ट माझ्या साहेबांना सोयीची आहे. एका माणसाचा गुन्हा, विषय संपला. पण निवडण्यातच चूक झाली म्हटलं की एकशे बारा चौक्या संशयात येतात. सगळीकडे नदीकाठच्याच बायका आहेत, सगळ्या आपापल्या आईने शिकवल्यासारख्या निवडत असणार. कोर्टात आजवर उभ्या राहिलेल्या नोंदी कारखान्यांचे वकील फाडून टाकतील."

"आन् तुमाला काय सोयीचं हाय?"

सवयीनेच विचारलं तिने, डोळ्यांत डोळे घालून. मॅडमनी नजर वळवली नाही, हे मात्र खरं.

"मलाही तेच सोयीचं आहे. टाकीतली पैदास चालेल, या कागदावर सही माझी आहे. कशी निवडायची ते मी लिहून दिलं नव्हतं. मला वाटलं, त्यात काय लिहायचं. म्हणून तर तुमच्याकडे आधी आले. तुम्ही बोललात तर मला गप्प बसता येणार नाही."

ही बाई आपल्या गळ्यात धोंडा बांधतेय की आपल्याला सोडवतेय, हे सारजाला कळेना. तिने चौकीला कुलूप घातलं आणि सरळ पोलीस ठाण्याची वाट धरली.

हणमंत कोठडीत भिंतीला टेकून बसला होता. दाढी वाढलेली. बहिणीला बघून उठला नाही. सारजा गजांबाहेर खाली बसली आणि तिने सगळं सांगितलं, पानाचं, परातीचं, रुसक्यांचं. एक शब्द आत ठेवला नाही. तो ऐकत होता, आणि ऐकता ऐकता त्याच्या चेहऱ्यावरचा राग कुठल्या कुठे गेला. त्याजागी जे आलं ते बघून तिला जास्त भीती वाटली.

"म्हंजे शनवारी त्या मिटाय पायजे हुत्या," तो म्हणाला.

"कुठल्या शनवारी? तू तर आला न्हवतास."

"आलतो." त्याने तोंडावरून हात फिरवला. "मॅनेजर म्हणला, आयतवारी चार नंबरची टाकी सोडायची. नवीन रंगाची. आत काय हाय ते कुणी सांगंना. मला काळजी वाटली, आक्का. म्हणून बादलीभर काढलं, चोरून. ते भाईर काढलं तर नोकरी जाती. तू बाजारला गेल्यावर चौकीत आलो आन् तुझ्या टाकीतल्या तीन गोगलगायी बादलीत सोडल्या. घड्याळ लावून बसलो. म्हटलं मिटल्या तर झडप उघडायची न्हाई, काय व्हायचं ते हू दे."

सारजाने गज धरले.

"खुशाल फिरत हुत्या. उलट शिंगं काढून. म्हटलं, आक्काच्या गोगलगायी हैत, चुकायच्या न्हाईत. बादलीतलं गटारात ओतलं, गोगलगायी जिथल्या तिथं ठेवल्या. आयतवारी दुपारी झडप मीच उघडली."

"मला का सांगितलं न्हाईस? सोमवारी विचारलं तवा?"

"काय सांगू? बाई मेली म्हणून सांगू, आन् झडप माझ्या हातानं उघडली म्हणून?" तो थांबला. "पर तूबी एकदाच विचारलंस, आक्का. दोनदा न्हाई. दूधवाल्याला दहादा इचारतीस."

दोनदा विचारलं होतं खरं तर. पण हे त्याला सांगण्यात काही अर्थ नव्हता. ती तिथेच बसून रडली. हवालदाराने एकदा बघितलं आणि वर्तमानपत्र पुढे धरलं.

शनिवारी सारजाने जबाब दिला. मॅडमच्या साहेबांनी तिला दोनदा समजावलं, की बाई, तुम्ही अडाणी नाही, या जबाबाने काय काय कोसळणार आहे ते कळतं ना तुम्हाला. ती म्हणाली, कळतं. म्हणाली, लिहून घ्या, गोगलगायी बदलल्या न्हाईत, म्यां बिघडवल्या. अंगठा नको, सही येते मला. आणि जबाबाचा कागद शेवटच्या ओळीपर्यंत दोनदा वाचून मग सही केली.

त्याच दिवशी मॅडमचा अहवाल गेला. व्हायचं तेच झालं. कारखान्याचे वकील नाचायला लागले, की गोगलगायींची साक्षच खोटी, आता सिद्ध करा आमच्या पाण्याने माणसं आजारी पडली ते. एकशे बारा चौक्यांवर तपास लागला, आणि पुढे त्यांतल्या सत्तरेक चौक्यांत गोगलगायी अशाच धीट निघाल्या.

जबाबानंतरच्या सोमवारी सारजा घाटावर गेली, ती काही मनात धरून गेली नव्हती. चौकीला सील होतं, करायला काम नव्हतं. पायऱ्यांच्या खालच्या दगडांत हात घातला तर हाताला लागल्या. दहा, वीस, मूठभर. सगळ्या मिटलेल्या. मेल्या असतील म्हणून तिने एक हुंगली, तर वास नव्हता. नऊ वर्षं तिने इथेच, याच पायरीवरून, रुसक्या सोडल्या होत्या. त्यांची पोरंबाळं दगडांखाली नांदत होती. मासे मेले, शिंपले मेले, या मात्र पाण्याचा पहिला घोट लागताच दारं लावून बसल्या होत्या आणि अजून उघडायला तयार नव्हत्या.

तिने मॅडमना फोन केला. मॅडम आल्या, अनवाणीच पाण्यात उतरल्या. स्वच्छ पाण्यात ठेवल्यावर दोन तासांनी पहिलीने शिंगं बाहेर काढली.

या गोगलगाईचा शंख रोज कणाकणाने वाढतो, झाडाच्या खोडात वलयं पडतात तसा. मिटून बसली की वाढ थांबते आणि तिथे एक रेघ उमटते, आणि मिटण्याआधीच्या घटकाभरात पाण्यात जे काही होतं ते त्या रेघेत अडकून राहतं. प्रयोगशाळेने रेघा मोजल्या. रविवार, दुपार. त्या रेघेत जे सापडलं तेच चार नंबरच्या टाकीच्या तळाशी सापडलं. नाव अजूनही कुणाला सांगता आलं नाही, पण दोन्ही एकच होतं, आणि कोर्टाला तेवढं पुरलं. मॅनेजर आत गेला. हणमंत सुटला आणि सरकारतर्फे साक्षीदार झाला. मॅडमची बदली झाली. सारजाला नोकरीवरून काढलं नाही, कारण रुसक्या निवडायला तिच्याइतकं कुणाला येत नव्हतं. आता ती उलटी निवड करते, आणि सगळ्या चौक्यांवरच्या बायकांना तशी निवड शिकवायला जाते.

घरी आल्यावर हणमंत तीन आठवडे तिच्याकडे फिरकला नाही. ती जायची, भावजय चहा द्यायची, तो परसात काहीतरी ठोकत बसायचा. मग एका गुरुवारी, टळटळीत उन्हात, तो आपण होऊन आला. नवीन काम मिळालं होतं, विटांच्या भट्टीवर. तेच सांगायला आला होता. पायरीवर बसला. घाम पुसला.

सारजाचे डोळे भरून आले. काय करू आणि काय नको असं तिला झालं. आत जाऊन तिने माठातून तांब्या भरून आणला. माठात नळाचं पाणी होतं, वाडीला नुकतंच मिळालेलं, चौकीवरून गेलेलं, नव्या गोगलगायींनी पारखलेलं.

त्याने तांब्या हातात घेतला. ओठांपर्यंत नेला आणि थांबला. आत वाकून बघितलं. मग तिच्याकडे बघितलं.

"आक्का," तो म्हणाला, "तू आधी पी."

बोलण्यात राग नव्हता. टोमणाही नव्हता. ताप आलाय का म्हणून विचारावं इतक्या साध्या आवाजात तो बोलला, म्हणून तर तिला ते जास्त लागलं. तिला म्हणावंसं वाटलं, अरे, तुला घासातला घास भरवला मी. पण संशयाचा धडा त्याला कुणी दिला, हे तिला पुरतं ठाऊक होतं. तिने तांब्या घेतला, त्याच्या डोळ्यांदेखत तोंडाला लावून दोन मोठे घोट घेतले, पदराने ओठ पुसले आणि तांब्या परत त्याच्यापुढे केला.

त्याने हात पुढे केला नाही.

"जरा थांबू," तो म्हणाला.

मग दोघं पायरीवर शेजारी शेजारी बसून राहिले, मध्ये तांब्या ठेवून.